अटारी : बारा वर्षांची वाटचाल

स्मरणिकेत संस्थेचा इतिहास लिहायला घेतला की पहिले पान संस्थापकांना जाते. अटारीचे हे पहिले पान कित्येक वर्षे अर्धेच छापले गेले. नोलन बुशनेल यांची छायाचित्रे, मुलाखती आणि भविष्याबद्दलची मते अमेरिकेतल्या मासिकांतून सतत येत राहिली. त्यांच्याइतकेच पैसे घालून त्यांच्या शेजारी सर्किट जोडत बसलेले टेड डॅबनी मात्र त्या लेखांतून दिसत नाहीत. पुढेही या संस्थेत हेच घडत गेले. २७ जून १९७२ रोजी कॅलिफोर्नियात नोंदली गेलेली ही कंपनी जुलै १९८४ मध्ये दुभंगली. तेवढ्या काळात तिने व्हिडिओ गेमचा धंदा उभा केला, तो घराघरांत नेला आणि त्याच धंद्याच्या ओझ्याखाली ती कोसळली. ज्या माणसांच्या हातांनी हे सगळे घडले त्यांची नावे यंत्रावर नव्हती आणि खोक्यावरही नव्हती. म्हणून हा इतिहास शक्य तितका नावानिशी लिहिला आहे.

बुशनेल युटा राज्यातले. विद्युत अभियांत्रिकी शिकत असताना ते सुट्टीत तिथल्या लगून नावाच्या करमणूक उद्यानात काम करत. चेंडू मारून बाटल्या पाडण्यासारख्या खेळांसाठी गिऱ्हाईक कसे ओढायचे, ते त्यांना तिथे कळले. ‘स्पेसवॉर’ हा खेळही त्यांनी पाहिला होता. एमआयटीतल्या तरुणांनी १९६२ मध्ये लिहिलेला हा खेळ लाखभर डॉलरहून महाग संगणकावर चालत असे. नाणे टाकून खेळता येण्याजोगा तो करायचा, तर संगणक वगळणे भाग होते. कॅलिफोर्नियातल्या अ‍ॅम्पेक्स कंपनीत बुशनेल आणि डॅबनी एकाच खोलीत बसत. डॅबनी वयाने मोठे, मरीन कोअरमध्ये इलेक्ट्रॉनिक्स शिकलेले, हाताने काम करणारे. टीव्हीच्या पडद्यावरचा ठिपका संगणकाशिवाय, निव्वळ सर्किटच्या बळावर हलवून दाखवणे त्यांना जमले. त्या युक्तीवर ‘कॉम्प्युटर स्पेस’ हे यंत्र उभे राहिले आणि १९७१ मध्ये नटिंग असोसिएट्सने ते बाजारात आणले. यंत्राचा साचा देखणा, गोलाईचा होता. खेळ मात्र समजायला अवघड, आणि बारमध्ये येणाऱ्या माणसाला सूचना वाचत बसायची हौस नसते. दीड हजाराच्या आसपास यंत्रे तयार झाली.

दोघांनी प्रत्येकी अडीचशे डॉलर घालून भागीदारी सुरू केली होती. तिचे ‘सिझिजी’ हे नाव दुसऱ्या कोणीतरी आधीच नोंदवलेले निघाले, तेव्हा बुशनेल यांनी आपल्या आवडत्या ‘गो’ या पटावरच्या खेळातला जपानी शब्द उचलला. बुद्धिबळात शह देतात तशी ‘गो’मध्ये अटारी.

अ‍ॅम्पेक्समधूनच आलेले अ‍ॅलन अल्कॉर्न हे कंपनीचे पहिले अभियंते. त्यांचा हात बसावा म्हणून बुशनेल यांनी त्यांना एक सोपे काम दिले. दोन बॅट, एक चेंडू, मध्ये जाळी आणि वर गुण. जनरल इलेक्ट्रिकसाठी हा खेळ करायचा आहे, असे सांगितले. तसा कुठलाही करार झालेला नव्हता, हे अल्कॉर्न यांना नंतर समजले. पण काम खरे आहे असे मानून ते बसले आणि सांगितले होते त्याच्या कितीतरी पुढे गेले. चेंडू बॅटच्या कोणत्या भागावर आदळतो त्यावर त्याचा कोन ठरावा, म्हणून त्यांनी बॅटचे आठ भाग पाडले. डाव लांबला की चेंडूचा वेग वाढेल अशी सोय केली. सर्किटमधल्या एका उणिवेमुळे बॅट पडद्याच्या अगदी वरपर्यंत पोचत नव्हती. तसे राहू दिले तर खेळ चुरशीचा होतो हे लक्षात आल्यावर त्यांनी ती उणीव तशीच ठेवली. बुशनेल यांना प्रेक्षकांचा जल्लोष ऐकू यायला हवा होता, डॅबनी यांना हुर्यो. त्यासाठी लागणारे भाग हाताशी नव्हते. अल्कॉर्न यांनी पडद्याचे चित्र जुळवून धरणाऱ्या सर्किटमध्ये आधीपासून होते ते कंपन बाहेर काढून ध्वनिक्षेपकाला जोडले, आणि सगळ्या जगाला ठाऊक झालेला तो टिक-टॉक आवाज तयार झाला. यात प्रोसेसर नव्हता आणि प्रोग्रामही नव्हता. साध्या तर्कचिपा, तारा आणि दुकानातून आणलेला हिताचीचा कृष्णधवल टीव्ही, एवढ्या सामानावर ‘पाँग’ उभा राहिला.

१९७२ च्या उन्हाळ्याच्या अखेरीस सनीव्हेलमधल्या ‘अँडी कॅप्स टॅव्हर्न’ या बारमध्ये त्यांनी हे यंत्र ठेवले. काही दिवसांत ते बंद पडल्याचा निरोप आला. अल्कॉर्न यांनी जाऊन झाकण उघडले, तर पाव डॉलरच्या नाण्यांनी आतले भांडे काठोकाठ भरले होते आणि आणखी नाणे आत शिरायला वाट उरली नव्हती. धंद्याच्या इतिहासात ही हकीकत इतक्यांदा सांगितली गेली आहे की ती दंतकथा वाटते. पण यंत्र करणारा, दुरुस्तीला जाणारा आणि ती नाणी पहिल्यांदा पाहणारा माणूस एकच होता, आणि त्याने ती स्वतः सांगितली आहे.

‘पाँग’ची कल्पना मुळात कोणाची, याचे उत्तरही प्रामाणिकपणे द्यायला हवे. मॅग्नावॉक्स कंपनीने राल्फ बेअर यांच्या संशोधनावर ‘ओडिसी’ हे घरगुती यंत्र तयार केले होते आणि त्यातही टेबल टेनिस होते. मे १९७२ मध्ये बर्लिंगेम इथे झालेल्या त्याच्या प्रात्यक्षिकाला बुशनेल हजर होते. पाहुण्यांच्या वहीत त्यांची सही आहे. मॅग्नावॉक्सने १९७४ मध्ये दावा लावला. १९७६ मध्ये तडजोड होऊन अटारीने परवान्याचे पैसे भरले. ‘ओडिसी’पेक्षा ‘पाँग’ कितीतरी सरस होता आणि ते श्रेय अल्कॉर्न यांचे, पण टीव्हीवर चेंडू टोलवण्याचा पहिला मान बेअर यांच्याकडेच जातो.

मागणी वाढली तशी जागा अपुरी पडू लागली. सांता क्लारातली एक जुनी स्केटिंग रिंक कारखाना म्हणून घेतली गेली. रोजगार कार्यालयातून मिळतील तशी माणसे भरली. कामगार लांब केसांचे तरुण, पगार बेताचा, दिवसाला निघणारी यंत्रे सुरुवातीला मोजकी, त्यातलीही बरीच तपासणीत नापास. या धांदलीत १९७३ मध्ये डॅबनी बाहेर पडले. पडद्यावरचा ठिपका हलवणाऱ्या सर्किटचे पेटंट बुशनेल यांनी एकट्याच्या नावे घेतले, ही व्यथा त्यांनी पुढे उतारवयात दिलेल्या मुलाखतींत बोलून दाखवली. त्या पेटंटवर खरोखरच एकट्या बुशनेल यांचे नाव आहे.

१९७४ हे वर्ष कंपनी बुडता बुडता वाचली ते. ‘ग्रॅन ट्रॅक टेन’ ही मोटारशर्यत गाजली, पण हिशोबातल्या चुकीमुळे यंत्र उत्पादनखर्चाहून कमी किमतीत विकले जात होते. जितकी विक्री जास्त, तितका तोटा मोठा. जपानमधली शाखा विकावी लागली. ती नामको कंपनीच्या मासाया नाकामुरा यांनी घेतली, आणि हीच नामको सहा वर्षांनी ‘पॅकमॅन’ घेऊन येणार होती. अटारीला त्या वर्षी तारले ते ‘टँक’ या रणगाड्यांच्या खेळाने. तो आणला ‘की गेम्स’ने. वितरक एकेका शहरात एकाच कंपनीचा माल घेत, म्हणून दुसरा वितरकही हाती यावा यासाठी अटारीनेच ही प्रतिस्पर्धी कंपनी गुपचूप काढली होती. स्टीव्ह ब्रिस्टो आणि लाइल रेन्स यांनी ‘टँक’ घडवला, दोन्ही कंपन्या उघडपणे एक झाल्या आणि ‘की’चे प्रमुख जो कीनन अटारीचे अध्यक्ष झाले.

याच वर्षी अल्कॉर्न यांनी स्टीव्ह जॉब्स नावाच्या एका विक्षिप्त मुलाला तंत्रज्ञ म्हणून घेतले. त्याला भारतात येऊन गुरू शोधायचा होता आणि प्रवासखर्च कंपनीने द्यावा असे त्याचे म्हणणे होते. अल्कॉर्न यांनी त्याला जर्मनीपर्यंतचे तिकीट दिले, कारण तिथल्या वितरकाच्या यंत्रांत बिघाड होता. तो दुरुस्त करून जॉब्स पुढे भारतात आला, काही महिने उत्तरेत फिरला आणि परत जाऊन पुन्हा अटारीतच रुजू झाला. १९७६ च्या ‘ब्रेकआउट’चे सर्किट कमीत कमी चिपांत बसवायचे काम त्याच्याकडे आले. ते प्रत्यक्षात केले त्याचा मित्र स्टीव्ह वॉझ्नियाक याने. दिवसा तो ह्युलेट-पॅकार्डमध्ये नोकरी करी आणि रात्री अटारीत बसे. अशा चार रात्रींत काम उरकले. चिपा वाचवल्याबद्दल कंपनीने जॉब्सला वेगळे बक्षीस दिले होते, हे वॉझ्नियाकला कित्येक वर्षांनी समजले. त्याने इतकी घट्ट केलेली मांडणी कारखान्यात बनवण्याजोगी नव्हती, म्हणून अटारीच्या अभियंत्यांनी ती पुन्हा मांडली. एका खेळामागे असे किती हात होते.

घरगुती ‘पाँग’ १९७५ चा. अल्कॉर्न, हॅरल्ड ली आणि बॉब ब्राउन यांनी आख्खा खेळ एका चिपेत बसवला. खेळण्यांच्या व्यापाऱ्यांनी पाठ फिरवली. सीअर्स या मोठ्या दुकान-साखळीच्या क्रीडासाहित्य विभागातले टॉम क्विन यांनी मात्र दीड लाख नगांची मागणी नोंदवली. नाताळात रांगा लागल्या. त्या यंत्रांवर सीअर्सचे ‘टेली-गेम्स’ हे नाव होते.

एका यंत्रात एकच खेळ असला की गिऱ्हाईक कंटाळणार, हे आता स्पष्ट होते. ग्रास व्हॅली या डोंगरातल्या गावात अटारीची ‘सायन’ ही प्रयोगशाळा होती. तिथे स्टीव्ह मेयर आणि रॉन मिल्नर यांनी कार्ट्रिज बदलून खेळ बदलता येईल अशा यंत्राचा विचार सुरू केला. १९७५ मध्ये एमओएस टेक्नॉलॉजीने २५ डॉलरमध्ये ६५०२ हा प्रोसेसर आणला आणि तो विचार परवडण्याजोगा झाला. जो डीक्युअर यांनी आपल्या सायकलचे ‘स्टेला’ हे नाव या प्रकल्पाला दिले. जे मायनर यांच्या देखरेखीखाली पडद्यावर चित्र उमटवणारी ‘टीआयए’ ही चिप घडली.

या यंत्रापाशी जरा थांबले पाहिजे, कारण अटारीतल्या माणसांची खरी कमाई इथे आहे. सप्टेंबर १९७७ मध्ये १९९ डॉलरला आलेल्या व्हिडिओ कॉम्प्युटर सिस्टिमची स्मृती फक्त १२८ बाइटची होती. मराठीतले एक मध्यम वाक्यही तेवढ्यात मावत नाही. कार्ट्रिजमध्ये सुरुवातीला जास्तीत जास्त चार किलोबाइट. पूर्ण पडद्याचे चित्र साठवायला आत जागाच नव्हती, त्यामुळे टीव्हीचा किरण एकेक ओळ रेखत खाली सरकत असताना प्रत्येक ओळीचे चित्र त्याच क्षणी पुरवावे लागे. पंगतीत वाढपी न थांबता पुढे जातो आहे आणि प्रत्येक पानापाशी तो पोचायच्या आत पुढचा पदार्थ त्याच्या हातात द्यायचा आहे, तसे हे काम. एका ओळीला प्रोसेसरचे ७६ ठोके मिळत. त्यात मावले नाही तर चित्र विस्कटले. चिपेला मुळात ठाऊक होत्या दोन आकृत्या, दोन गोळ्या, एक चेंडू आणि मागची ओबडधोबड पार्श्वभूमी. म्हणजे ‘टँक’ आणि ‘पाँग’ खेळता येण्याइतपतच सामान. पुढची वर्षे प्रोग्रामर मंडळींनी याच सामानातून बुद्धिबळ, जंगल, नदी, राजवाडे काढून दाखवले. बॉब व्हाइटहेड यांनी ‘व्हिडिओ चेस’साठी प्रत्येक सोंगटी एकाआड एक ओळींत रेखून आठ सोंगट्या एका रांगेत उभ्या केल्या. हे काम खेळाची कल्पना, चित्र, आवाज, प्रोग्राम अशा सगळ्या अंगांनी एकच व्यक्ती करत असे. एक खेळ म्हणजे एका माणसाचे काही महिने. यंत्राच्या मर्यादा माणसाची कला किती वाढवू शकतात याचे इतके स्वच्छ उदाहरण मला या धंद्यात दुसरे सापडत नाही.

हे यंत्र बाजारात आणायला अटारीकडे भांडवल नव्हते, आणि फेअरचाइल्ड कंपनीचे कार्ट्रिजवर चालणारे यंत्र १९७६ मध्येच आले होते. म्हणून त्या वर्षाअखेरीस बुशनेल यांनी कंपनी वॉर्नर कम्युनिकेशन्सला २ कोटी ८० लाख डॉलरला विकली. न्यूयॉर्कची वॉर्नर चित्रपट आणि ध्वनिमुद्रिकांच्या व्यवसायातली. नव्या यंत्राची विक्री पहिल्या दोन नाताळांत बेताची झाली, वाद वाढले आणि १९७८ संपता संपता बुशनेल यांना बाजूला व्हावे लागले. बर्लिंग्टन इंडस्ट्रीज या कापड उद्योगात उमर घालवलेले रे कसार प्रमुख झाले. कसार यांनी घडी बसवली, वर्षभर जाहिरात केली, नाताळापुरता विकला जाणारा माल बारमाही केला. १९८० मध्ये तैतो कंपनीकडून परवाना घेऊन ‘स्पेस इन्व्हेडर्स’ घरगुती यंत्रावर आणण्याचा निर्णय त्यांच्याच काळातला. रिक मॉरर यांनी प्रोग्राम केलेल्या त्या एका कार्ट्रिजसाठी लोक यंत्र विकत घेऊ लागले. कसार यांच्यावर पुढे जी टीका झाली तिच्या भरात त्यांचे हे कर्तृत्व विसरणे योग्य नाही.

नाण्यांवर चालणाऱ्या यंत्रांचा विभाग वेगळा होता आणि तिथे त्याच सुमारास बहर आला. लाइल रेन्स यांची कल्पना आणि एड लॉग यांचा प्रोग्राम यांतून १९७९ मध्ये ‘अ‍ॅस्टेरॉइड्स’ आला. त्याची ७० हजारांहून अधिक यंत्रे विकली गेली. १९८० मध्ये एड रॉटबर्ग यांचा ‘बॅटलझोन’ आला. तो पाहून अमेरिकी सैन्याने प्रशिक्षणासाठी आपल्याला साजेशी आवृत्ती मागितली. रॉटबर्ग यांना ते काम मनापासून नको होते, तरी करावे लागले. डेव्ह थ्युरर यांनी ‘मिसाइल कमांड’ करताना अणुस्फोटाची स्वप्ने पडत असल्याचे सांगितले आहे. शहरे वाचवायचा हा खेळ जिंकता येत नाही, कधी ना कधी शेवटचे शहर पडतेच. १९८१ मध्ये डोना बेली आणि एड लॉग यांनी ‘सेंटिपीड’ केला. त्या विभागात प्रोग्राम लिहिणाऱ्या स्त्रिया जवळजवळ नव्हत्या, आणि बेली यांचा हा खेळ मुली-स्त्रियांनी मोठ्या संख्येने खेळला.

‘अ‍ॅस्टेरॉइड्स’मध्ये जास्त गुण मिळवणाऱ्याला पडद्यावर आपली तीन आद्याक्षरे लिहिता येत. पाव डॉलर टाकणाऱ्या पोराला आपले नाव दिसे, खेळ घडवणाऱ्याला नाही. प्रतिस्पर्धी आपली माणसे पळवतील या भीतीने कंपनीने नावे झाकली होती.

घरगुती विभागात ही गोष्ट जास्त चिघळली. कोणत्या कार्ट्रिजची किती विक्री झाली याचा तक्ता १९७९ च्या सुमारास प्रोग्रामर मंडळींच्या हाती आला. विकते आहे तसे खेळ आणखी करा, असा कंपनीचा हेतू होता. डेव्हिड क्रेन, लॅरी कॅप्लन, अ‍ॅलन मिलर आणि बॉब व्हाइटहेड यांनी हिशोब मांडला, तेव्हा कंपनीच्या कार्ट्रिजविक्रीतला निम्म्याहून मोठा वाटा त्या चौघांच्या खेळांचा निघाला. त्यांना पगार मिळत होता तो साध्या नोकरदाराचा. खोक्यावर नाव आणि विक्रीत थोडा वाटा, एवढे मागायला ते कसार यांच्याकडे गेले. क्रेन यांनी सांगितलेल्या हकिकतीप्रमाणे कसार यांचे उत्तर असे होते की खेळ लिहिणाऱ्याइतकेच महत्त्व तो खोक्यात भरणाऱ्या कामगारालाही आहे. कामगाराचा मान राखायचा म्हणून हे म्हटले असते तर त्यातही अर्थ होता. पण नाव आणि वाटा कामगारालाही मिळणार नव्हता. चौघे बाहेर पडले आणि १ ऑक्टोबर १९७९ रोजी जिम लेव्ही यांच्यासोबत त्यांनी ‘अ‍ॅक्टिव्हिजन’ काढली. दुसऱ्याच्या यंत्रासाठी फक्त खेळ करणारी ही पहिली कंपनी. तिच्या पुस्तिकेत खेळ करणाऱ्याचे नाव आणि फोटो असे. अटारीने दावा लावला, १९८२ मध्ये तडजोड झाली, रॉयल्टी ठरली आणि अटारीच्या यंत्रावर कोणीही खेळ विकायला वाट मोकळी झाली.

वॉरेन रॉबिनेट यांनी वेगळा मार्ग शोधला. त्यांचा ‘अ‍ॅडव्हेंचर’ म्हणजे राजवाडे, चक्रव्यूह आणि ड्रॅगन यांमधून जादूचा चषक आणायचा खेळ. त्यात त्यांनी एक करडा ठिपका ठेवला, पार्श्वभूमीच्याच रंगाचा आणि सहज न दिसणारा. तो उचलून ठरावीक जागी नेला की एक लपवलेली खोली उघडे आणि तिच्यात हा खेळ वॉरेन रॉबिनेट यांनी केला असे झळकत्या अक्षरांत लिहिलेले असे. ही गोष्ट त्यांनी सहकाऱ्यांनाही सांगितली नाही आणि ते नोकरी सोडून गेले. खेळ १९८० मध्ये बाजारात आला आणि सॉल्ट लेक सिटीतल्या एका मुलाने ती खोली शोधून कंपनीला पत्र लिहिले. ती काढून टाकायची तर चिपेचा साचा नव्याने करावा लागणार होता आणि खर्च मोठा होता. व्यवस्थापक स्टीव्ह राइट यांनी अशा लपवलेल्या गोष्टी ईस्टरच्या अंड्यांसारख्या शोधायला मुलांना आवडतील, असे म्हणून ती राहू दिली. आज जगभरच्या खेळांत ‘ईस्टर एग’ ठेवण्याची रीत आहे; तिच्या मुळाशी आपले नाव लिहायची मनाई झालेला एक कारागीर आहे.

अटारीतल्या कॅरल शॉ यांचाही इथे उल्लेख हवा. संगणकशास्त्राचे पदव्युत्तर शिक्षण घेऊन १९७८ मध्ये त्या अटारीत आल्या आणि त्यांनी घरगुती यंत्रासाठी त्रिमितीय फुली-गोळा केला. पुढे अ‍ॅक्टिव्हिजनमध्ये त्यांनी ‘रिव्हर रेड’ हा विमानाचा खेळ लिहिला. न संपणारी नदी चार किलोबाइटमध्ये बसवताना त्यांनी नकाशा साठवलाच नाही, तो गणिताने जागच्या जागी तयार होत राहतो. त्या खोक्यावर त्यांचे नाव आहे. अटारीत असत्या तर ते छापले गेले नसते.

१९८२ मध्ये कंपनीची उलाढाल सुमारे दोन अब्ज डॉलर होती, वॉर्नरच्या नफ्यातला अर्ध्याहून अधिक हिस्सा तिचा होता आणि सुमारे दहा हजार माणसे कामावर होती. त्याच वर्षी दोन कार्ट्रिज आली. ‘पॅकमॅन’ टॉड फ्राय यांनी चार किलोबाइटमध्ये बसवला. पडद्यावर एका वेळी चार भुते दाखवणे यंत्राच्या आवाक्याबाहेरचे होते, म्हणून ती आळीपाळीने रेखली जात आणि सतत लुकलुकत. सत्तर लाखांहून अधिक प्रती विकल्या गेल्या, पण कंपनीने त्याहून कितीतरी जास्त बनवून ठेवल्या होत्या. दुसरे कार्ट्रिज ‘ई.टी.’. वॉर्नरचे स्टीव्ह रॉस यांनी स्पीलबर्ग यांच्या चित्रपटाचे हक्क दोन-अडीच कोटी डॉलरला घेतले, तोवर जुलै संपत आला होता. नाताळाला माल हवा तर प्रोग्राम १ सप्टेंबरला तयार पाहिजे. ‘यार्स रिव्हेंज’ हा उत्तम खेळ केलेल्या हॉवर्ड स्कॉट वॉर्शा यांनी साधारण पाच आठवड्यांत तो एकट्याने पूर्ण केला. एरवी त्याच कामाला सहा महिने लागत. ई.टी. खड्ड्यांत पडत राहतो आणि खेळणाऱ्याला वाट सापडत नाही, ही तक्रार खरी आहे. पण जगातला सर्वांत वाईट खेळ म्हणून या माणसाच्या कामाची जी टिंगल झाली ती मला अन्यायाची वाटते. मुदत त्याने ठरवली नव्हती, आणि चाळीस लाखांवर प्रती काढायचा हुकूमही त्याचा नव्हता.

बाजारात तोवर गर्दी झाली होती. ओट्स विकणाऱ्या क्वेकर कंपनीनेही खेळांची शाखा काढली होती. दुकानदार न विकलेला माल परत पाठवू लागले. ७ डिसेंबर १९८२ रोजी वॉर्नरने नफ्याचा अंदाज एकदम खाली आणला आणि दुसऱ्या दिवशी शेअर कोसळला. घोषणेच्या २३ मिनिटे आधी कसार यांनी आपले ५,००० शेअर विकले होते. रोखे आयोगाच्या कारवाईत त्यांनी गुन्हा कबूल वा अमान्य न करता नफा परत केला, आणि जुलै १९८३ मध्ये ते पायउतार झाले. सिगारेटच्या व्यवसायातून आलेले जेम्स मॉर्गन त्यांच्या जागी बसले. त्या वर्षीचा तोटा पन्नास कोटी डॉलरहून जास्त होता.

फेब्रुवारी १९८३ मध्ये उत्पादन हाँगकाँग आणि तैवानला हलवून कॅलिफोर्नियातली १,७०० माणसे कमी करण्यात आली. नऊ-दहा वर्षांपूर्वी स्केटिंग रिंकमध्ये सुरू झालेली जोडणीची कामे इथे संपली. सिलिकॉन व्हॅलीत काम कायमचे टिकते, इथे युनियनची गरज नाही, असा तिथे समज होता. उरलेल्यांत युनियन आणायचा प्रयत्न त्याच वर्षी झाला, पण मतदानात तो हरला. सप्टेंबरमध्ये टेक्ससमधल्या एल पासो इथल्या गोदामातून मालाचे ट्रक न्यू मेक्सिकोतल्या अलामोगोर्डो गावी गेले आणि कार्ट्रिज तिथल्या डम्पिंग ग्राउंडमध्ये पुरून वर काँक्रीट ओतले गेले. एप्रिल २०१४ मध्ये ती जागा खणली तेव्हा सुमारे १,३०० कार्ट्रिज वर काढली गेली. त्यांत ‘ई.टी.’ होते, पण चांगले गाजलेले कितीतरी खेळही होते. एका खेळाने कंपनी बुडवली या गोष्टीला त्या मातीतच उत्तर मिळाले. मागणीपेक्षा जास्त माल काढायची सवय सगळ्याच खेळांना लागू होती.

जुलै १९८४ मध्ये वॉर्नरने कंपनी तोडली. घरगुती यंत्रे आणि संगणकांचा विभाग जॅक ट्रॅमियल यांना गेला. ऑशविट्झमधून वाचलेला हा पोलंडचा ज्यू तरुणपणी अमेरिकेत टाइपरायटर दुरुस्त करत असे. कमोडोर कंपनी त्यानेच मोठी केली आणि जानेवारीत ती सोडली होती. रोख पैसा न देता वचनचिठ्ठ्यांवर हा व्यवहार झाला आणि पुढच्या काही आठवड्यांत बहुतेक कर्मचाऱ्यांना घरी पाठवले गेले. नाण्यांच्या यंत्रांचा विभाग ‘अटारी गेम्स’ म्हणून वेगळा झाला. १९८५ मध्ये त्यात मोठा वाटा घेतला नामकोने, जिने अकरा वर्षांपूर्वी अटारीची जपानी शाखा घेतली होती. तो विभाग पुढे मिडवे कंपनीकडे गेला आणि २००३ मध्ये बंद झाला. ट्रॅमियल यांच्या कंपनीने ‘एसटी’ संगणक काढला, तो संगीतकारांनी आवडीने वापरला. ‘जॅग्वार’ हे शेवटचे कन्सोल १९९३ चे, आणि १९९६ मध्ये तीही दुसऱ्या कंपनीत विरून गेली. अटारी हे नाव विकत घेणारे नंतर बरेच झाले.

सध्या ते ज्या फ्रेंच कंपनीकडे आहे तिने मार्च २०२२ मध्ये ‘मोबीगेम्स’ ही नोंदवही विकत घेतली. कोणत्या खेळावर कोणी काम केले याची नावानिशी नोंद त्यात दशकांपासून केली जाते. त्याच वर्षी संस्थेच्या पन्नाशीनिमित्त ‘अटारी ५०’ हा संग्रह निघाला. त्यात जुने खेळ आहेत, कागदपत्रे आहेत आणि अल्कॉर्न, फ्राय, वॉर्शा यांच्या चित्रित मुलाखती आहेत. डॅबनी त्याआधी चार वर्षे, मे २०१८ मध्ये वारले. तोवर इतिहासकारांनी त्यांचे नाव संस्थापक म्हणून पहिल्या पानावर आणले होते.